तुलूझ, नोव्हेंबर १९८६: साडेपाच वर्षं न हरलेला माणूस हरला तेव्हा

मधलीभिंत (धागाकर्ता)

परवा आमच्या स्क्वॉश क्लबातल्या एका पोराने विचारलं, "काका, सलग सगळ्यात जास्त सामने कोण जिंकलंय? फेडरर?" म्हटलं, बस इथे, सांगतो. तो बसला नाही, त्याची कोर्टाची वेळ झाली होती. म्हणून इथे लिहितोय.

(आमचा क्लब म्हणजे दोन कोर्टं. त्यातल्या एकाचं छत गळतं.)

स्क्वॉशची पुरुषांची जागतिक स्पर्धा, तेव्हा तिला वर्ल्ड ओपन म्हणत, १९८६ साली फ्रान्समध्ये तुलूझला झाली. अंतिम सामना पाकिस्तानचा जहांगीर खान विरुद्ध न्यूझीलंडचा रॉस नॉर्मन. निकाल सगळ्यांना आधीच माहीत होता, कारण एप्रिल १९८१ मध्ये ब्रिटिश ओपनच्या अंतिम सामन्यात ऑस्ट्रेलियाच्या जेफ हंटकडून हरल्यानंतर जहांगीर हरलाच नव्हता. म्हणजे धोनीच्या वयाचा पोरगा तेव्हा जन्मला असेल तर तो आता शाळेत जायला लागला होता आणि हा अजून जिंकतच होता.

जरा मागे जातो, कारण जहांगीर समजल्याशिवाय नॉर्मन समजणार नाही.

जहांगीर लहानपणी हर्नियाने आजारी असायचा. शस्त्रक्रिया झाल्या, डॉक्टरांनी खेळापासून लांब ठेवा म्हणून सांगितलं. बाप रोशन खान, १९५७ चा ब्रिटिश ओपन विजेता. मोठा भाऊ तोरसम हाही व्यावसायिक खेळाडू. १९७९ मध्ये पाकिस्तानच्या संघात जहांगीरला घेतलं नाही, तब्येतीचं कारण होतं, तर हा वैयक्तिक जागतिक हौशी स्पर्धेत पात्रता फेरीतून शिरला आणि पंधराव्या वर्षी जिंकून आला. त्याच वर्षी नोव्हेंबरात तोरसम ऑस्ट्रेलियात अॅडलेडला खेळता खेळता कोर्टवर कोसळला आणि गेला. जहांगीर खेळ सोडायला निघाला होता. चुलतभाऊ रहमतने त्याला लंडनमध्ये स्वतःकडे ठेवून घेतलं आणि घडवलं. दोन वर्षांनी, १९८१ च्या नोव्हेंबरात, टोरांटोत याने त्याच जेफ हंटला हरवून वर्ल्ड ओपन जिंकली. वय वर्षं १७.

तिथून पुढे १९८२, ८३, ८४, ८५ चारही वर्ल्ड ओपन त्याच्या. ब्रिटिश ओपनही १९८२ पासून दरवर्षी. १९८२ ची एक व्यावसायिक स्पर्धा तर याने एकही गुण न देता जिंकली. अंतिम सामना ९-०, ९-०, ९-०.

आता नॉर्मन. हा काही जादूगार नव्हता. १९८३ मध्ये पॅराशूटने उडी मारताना गुडघ्याची वाट लावून घेतली, सगळ्यांनी त्याच्या नावावर काट मारली, हा परत आला. परत येऊन काय केलं, तर जहांगीरकडून हरला. मग परत हरला. १९८५ ची कैरोतली वर्ल्ड ओपन, अंतिम सामन्यात जहांगीरकडून पराभूत. १९८६ ची ब्रिटिश ओपन, पुन्हा तेच. पण तो एक गोष्ट सांगत राहिला: एक दिवस जहांगीर किंचित कमी पडेल आणि त्या दिवशी समोर मी असेन.

तुलूझला तो दिवस उगवला. ९-५, ९-७, ७-९, ९-१.

तिसरा गेम जहांगीरने घेतला तेव्हा प्रेक्षागृहात जे कोणी होते त्यांना वाटलं असणार की झालं, आता गाडी रुळावर आली. पुढचा गेम ९-१. जगातल्या सर्वात तंदुरुस्त माणसाचा चौथ्या गेममध्ये ९-१! मला आजही तो आकडा वाचताना काहीतरी होतं.

मी तेव्हा शाळेत होतो. आमच्याकडे येणाऱ्या मराठी पेपरात खेळाच्या पानावर खाली कोपऱ्यात चार ओळी आल्या होत्या. रणजीच्या धावफलकाखाली. वडिलांनी त्या दोनदा वाचून दाखवल्या, ते स्वतः खेळायचे म्हणून. ती चार ओळींची बातमी माझ्या डोक्यात जागा अडवून बसली आहे ती बसलीच आहे.

लोक म्हणतात नॉर्मनचं नशीब. मला तसं वाटत नाही. बाकीचे सगळे जहांगीरसमोर यायच्या आधीच गळून जायचे. हा प्रत्येक वेळी अंतिम फेरीपर्यंत पोचून हरायला हजर असायचा. तुम्हाला काय वाटतं?

---

चकलीभाजणी

लेख आवडला. पण मी स्क्वॉश कधी पाहिलेलंच नाही. आमच्या सोसायटीच्या क्लबहाऊसमध्ये स्क्वॉश कोर्ट आहे असं माहितीपत्रकात होतं. प्रत्यक्षात तिथे मुलांच्या सायकली आणि गणपतीचं मखर असतं.

प्रश्न: ९-१ मध्ये एवढं काय विशेष? आणि धोनी कुठून आला मध्येच?

---

मधलीभिंत

धोनी जुलै ८१ चा, म्हणून. सवय हो, इथे क्रिकेटची फोडणी दिल्याशिवाय कोणी वाचत नाही.

९-१ चं सांगतो. तेव्हा गुण फक्त सर्व्हिस करणाऱ्याला मिळायचा. तुमची सर्व्हिस नसताना तुम्ही रॅली जिंकलीत, तर गुण नाही, फक्त सर्व्हिस तुमच्या हातात. मग पुढची जिंकलीत तर गुण. त्यामुळे दोघं दहा दहा मिनिटं जीव तोडून पळतायत आणि फलक ३-२ वर तसाच, असं चालायचं. अशा पद्धतीत दमसास ज्याचा जास्त तो राजा. आणि जहांगीरचा दमसास हीच तर दहशत होती. डोंगरात, शेतात, उंचावर मैलोन्मैल पळून कमावलेला. त्या माणसाकडे चौथ्या गेममध्ये द्यायला काही उरलं नाही, हे विशेष.

---

अर्धाडाव

दमसासाचा विषय निघालाच आहे तर गमाल अवाद आठवल्याशिवाय पुढे जाऊ नका.

१९८३, इंग्लंडमधलं चिचेस्टर. इजिप्तचा गमाल अवाद विरुद्ध जहांगीर. सामना चालला २ तास ४६ मिनिटं. पहिला गेमच १ तास ११ मिनिटांचा, आणि तो अवादने जिंकला, १०-९! (तेव्हा ८-८ झालं की सर्व्हिस घेणाऱ्याने ठरवायचं, गेम ९ ला संपवायचा की १० ला.) पुढचे तीन जहांगीरने घेतले: ९-५, ९-७, ९-२. त्या उतरत्या आकड्यांतच अवादचे पाय दिसतात. म्हणतात की त्या सामन्यानंतर अवाद पूर्वीसारखा राहिला नाही.

सर्वात लांबलेल्या सामन्याचा हा विक्रम ३२ वर्षं टिकला. २०१५ मध्ये कॅनडात मेडिसिन हॅट नावाच्या गावात हाँगकाँगचा लिओ आऊ आणि कॅनडाचा शॉन डेलिएर १७० मिनिटं खेळले. चार मिनिटांनी विक्रम गेला. नाव 'औषधाची टोपी' आहे गावाचं, योग्यच.

---

कोथरूडकर_पंत

लेख चांगला आहे, दोन-तीन बारीक सूचना.

१. सगळीकडे '५५५ सामने' असा आकडा छापतात. धागाकर्त्याने तो दिला नाही, अभिनंदन. एप्रिल ८१ ते नोव्हेंबर ८६ म्हणजे ६७ महिने. ५५५ भागिले ६७, म्हणजे महिन्याला आठाहून जास्त सामने, सलग साडेपाच वर्षं. प्रदर्शनीय सामने धरले तर बसेलही. पण वही कोणी ठेवली होती हे मला अजून कोणी दाखवलेलं नाही.

२. 'हरलाच नव्हता' हे फक्त मऊ चेंडूच्या स्क्वॉशपुरतं खरं. अमेरिकेत तेव्हा कठीण चेंडूचा वेगळा प्रकार चालायचा, कोर्टही अरुंद. जहांगीर तिकडे जाऊन तोही खेळला, १३ मोठ्या स्पर्धांपैकी १२ जिंकला. उरलेली एक म्हणजे १९८४ ची बोस्टन ओपन, अंतिम सामन्यात मार्क टॅलबटकडून पाच गेममध्ये हरला. म्हणजे तुलूझच्या दोन वर्षं आधीच हा माणूस रॅकेट हातात घेऊन हरलेला होता.

३. '८२ च्या स्पर्धेत एकही गुण दिला नाही' याचा अर्थ एकही रॅली हरला नाही असा नव्हे. तुम्हीच वर सांगितलेल्या पद्धतीमुळे रॅली हरूनही गुण जात नसे.

---

खवचटराव

पंत, तुमच्या लग्नातही तुम्ही अक्षता मोजल्या असतील.

बाकी मला या खेळाचं काही कळत नाही. दोन माणसं बंद खोलीत भिंतीशी भांडतात आणि जो जास्त घामतो तो जिंकतो. हे तर आमच्या घरी रोज चालतं.

---

मधलीभिंत

पंत, तिन्ही मान्य. टॅलबटचा सामना मला माहीत होता, मुद्दाम गाळला. गोष्ट बिघडत होती. आता तुम्ही बिघडवलीच आहे तर राहू दे.

---

सातबंगला

माझ्याकडे मुंबईची एक गोष्ट आहे, ती इथे बसते.

हे सगळे खान पेशावरजवळच्या नवाकिल्ले या एका छोट्या गावाचे. त्यांचा मूळपुरुष म्हणावा असा हाशिम खान. ब्रिटिश अधिकाऱ्यांच्या क्लबात चेंडू उचलणारा पोरगा. विटांचं कोर्ट, वर छप्पर नाही, पायात काही नाही. साहेब लोक घरी गेले की हा एकटाच खेळायचा. तर या हाशिमने पहिली मोठी स्पर्धा कुठे जिंकली? मुंबईत. १९४४ ची अखिल भारतीय स्पर्धा. पुढची दोन वर्षंही तीच राखली.

त्यांच्याच नात्यातला अब्दुल बारी मुंबईत स्थायिक होता. फाळणीनंतर तो इथेच राहिला. १९५० मध्ये भारताकडून तो ब्रिटिश ओपनला गेला आणि थेट अंतिम फेरीत पोचला, इजिप्तच्या महमूद करीमकडून हरला. (त्या काळात वर्ल्ड ओपन नव्हती, ब्रिटिश ओपन म्हणजेच जगज्जेतेपद.) तिकडे पेशावरात हाशिमने हे ऐकलं. बारीला तर मी मुंबईत हरवलंय, मग तो तिथवर जातो तर मी का नाही? पाकिस्तानच्या हवाई दलाने तिकीट काढून दिलं. १९५१ मध्ये हाशिम गेला आणि त्याच महमूद करीमला ९-५, ९-०, ९-० असं गुंडाळून आला. वय पस्तिशीच्या पुढे, नक्की जन्मसाल त्याचं त्यालाही ठाऊक नव्हतं. एकूण सात वेळा जिंकला. २०१४ मध्ये अमेरिकेत वारला, तेव्हा वय शंभरच्या आसपास.

बारी मुंबईहून गेला नसता तर हाशिम पेशावरातच राहिला असता का? कोण जाणे. पण पाकिस्तानच्या स्क्वॉशची ठिणगी मुंबईच्या एका माणसाच्या पराभवातून पडली, हे मला फार आवडतं.

---

अर्धाडाव

वा! बारीबद्दल माहीत नव्हतं. आणि महमूद करीम हे नाव बघा. इजिप्तवाले आज नव्याने आलेत असं लोकांना वाटतं. तिसाच्या दशकात अम्र बेने सहा ब्रिटिश ओपन जिंकल्या होत्या.

---

निकवरमारा

काका लोकांचा पूर्ण आदर ठेवून एक काडी टाकतो.

आज जहांगीर खेळला असता तर साडेपाच वर्षं टिकला नसता. आता प्रत्येक रॅलीला गुण, गेम ११ चा. शिवाय व्यावसायिक पुरुषांसाठी टिन १९ इंचांवरून १७ वर आला. (चकलीताई, टिन म्हणजे समोरच्या भिंतीच्या तळाशी असलेली पत्र्याची पट्टी. चेंडू तिला लागला की ठण्ण आवाज, रॅली गेली.) दोन इंच म्हणजे काहीच नाही असं वाटेल, पण ड्रॉप, म्हणजे टिनच्या जेमतेम वर हळूच टाकलेला फटका, मारणाऱ्याला तेवढ्यात राज्य मिळतं. समोरच्याला दमवून मारण्यापेक्षा चेंडू निकमध्ये, म्हणजे भिंत आणि जमिनीच्या सांध्यात बसवून रॅली संपवता येते. उसळतच नाही, नुसता लोळतो.

२०१४ चा दोहातला जागतिक अंतिम सामना बघा. रामी अशूर विरुद्ध मोहम्मद अल शोरबागी. रामी कित्येक महिने दुखापतीने बाहेर, थेट जागतिक स्पर्धेलाच उतरला. १३-११, ७-११, ५-११, ११-५, १४-१२. शेवटच्या गेममधले रामीचे हात बघा फक्त. जहांगीर-नॉर्मनच्या जमान्यात असले फटके कोणी मारले असते तर प्रशिक्षकाने कानाखाली काढली असती.

---

मधलीभिंत

अरे, तुझ्या म्हणण्यातच माझा मुद्दा आहे. जुनी पद्धत बलवानाची बाजू घ्यायची. आज ११ च्या गेममध्ये एखाद्याचा हात लागला की उलटापालट होते. तेव्हा नॉर्मनला प्रत्येक गुणासाठी आधी सर्व्हिस कमवायला लागायची, मग गुण. जहांगीरला त्या पद्धतीत हरवायचं म्हणजे त्याच्याच अंगणात त्याच्याच नियमाने.

रामीबद्दल मात्र वाद नाही. तो माणूस गुडघ्यांनी साथ दिली असती तर… जाऊ दे.

---

दूरदेशी

शिकागोहून लिहितोय. २०१९ ची जागतिक स्पर्धा इथे युनियन स्टेशनच्या मोठ्या दालनात झाली. रेल्वे स्टेशन हो! छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसच्या मधोमध काचेची पेटी ठेवून आत दोघांना सोडलंय अशी कल्पना करा. चारही भिंती काचेच्या, चेंडू काळ्याऐवजी पांढरा, म्हणजे प्रेक्षकांना दिसतो. बाहेर लोक बॅगा ओढत गाडीला चाललेत. पुरुष आणि महिला मिळून १० लाख डॉलर बक्षीस होतं, स्क्वॉशमध्ये पहिल्यांदाच.

अली फराग जिंकला, तारेक मोमेनला हरवून. दोघेही इजिप्तचे. महिलांचा अंतिम सामनाही दोन इजिप्शियन बायकांत, आणि हरलेली नूर अल तय्यब ही फरागची बायको. घरी जाताना काय बोलले असतील याचा मी फार विचार केला.

फराग हार्वर्डचा इंजिनिअर. कोर्टवर इतका सभ्य की चेंडू आपला दोनदा टप्पा पडून गेला हे पंचाने पाहिलं नसलं तरी स्वतः सांगणार.

---

निकवरमारा

आणि त्याच फरागला २०२५ मध्ये शिकागोतच मुस्तफा असलने अंतिम फेरीत हरवलं, फरागने तिथेच निवृत्ती घेतली. सभ्यतेचा विषय काढलात म्हणून म्हटलं.

---

अर्धाडाव

आला, असल आला. आता धागा शंभरी गाठणार.

---

निकवरमारा

नाही, मी भांडत नाही. असलवर संघटनेने बंदी घातली होती हे खरं, एकदा नव्हे. फटका मारून झाल्यावर तो समोरच्याच्या वाटेत रेंगाळतो ही तक्रार जुनी. पण त्याच्या फटक्यांत जो जोर आहे तो खोटा नाही.

नव्या लोकांसाठी: दोघं एकाच खोलीत एकाच बाजूला तोंड करून खेळतात, त्यामुळे अडथळा होणारच. वाट देण्याचा प्रामाणिक प्रयत्न झाला आणि तरी अडलं, तर लेट, म्हणजे रॅली परत. मारायच्या वाटेतच उभा राहिलास तर स्ट्रोक, म्हणजे समोरच्याला गुण. आणि चेंडूपर्यंत पोचलाच नसतास तर नो लेट, गप्प खेळ. सगळी भांडणं या तीन शब्दांवर.

---

खवचटराव

लोकलच्या दारात हाच नियम लावायला हवा. उतरताना वाटेत उभा राहिलास तर स्ट्रोक.

---

चकलीभाजणी

हे मला लगेच कळलं! 😄

आपले लोक कुठे आहेत या सगळ्यात?

---

सातबंगला

पुरुषांत सौरव घोषाल. २०१९ मध्ये जगात दहावा, तिथवर पोचलेला पहिला भारतीय पुरुष. २०१३ ला मँचेस्टरमध्ये जागतिक स्पर्धेची उपांत्यपूर्व फेरी गाठली, तीही पहिल्यांदा. एकेरीचं जगज्जेतेपद नाही. २०२४ मध्ये व्यावसायिक खेळातून निवृत्त झाला.

आपला मुंबईचा महेश माणगावकर. २०१४ आणि २०२३ अशा दोन आशियाई स्पर्धांत सुवर्ण जिंकणाऱ्या संघात. २०२३ चा हांगझोऊचा अंतिम सामना पाकिस्तानशी होता. महेश पहिला सामना नासिर इक्बालकडून हरला, सौरवने बरोबरी केली, आणि मग अभय सिंग विरुद्ध नूर झमान. पाचव्या गेममध्ये दोन मॅच पॉइंट वाचवून अभयने १२-१० ने काढला. रॅकेट हवेत भिरकावली त्याने. मी घरात ओरडलो तर बायको स्वयंपाकघरातून पळत आली, तिला वाटलं झुरळ.

---

कोथरूडकर_पंत

आणखी एक मुंबईचीच नोंद. १६ ऑक्टोबर २०२३ ला आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीच्या मुंबईतल्या अधिवेशनात २०२८ च्या लॉस एंजेलिस ऑलिम्पिकसाठी पाच खेळांना मंजुरी मिळाली. दुसऱ्या दिवशी सगळ्या पेपरांत मोठ्या अक्षरांत क्रिकेट. स्क्वॉश वर्षानुवर्षं त्या दाराशी उभं होतं, दर वेळी नकार घेऊन परतत होतं. त्याला दार उघडलं तेही मुंबईत, आणि मुंबईला पत्ता नाही.

---

मधलीभिंत

पंत, तुमचा हा प्रतिसाद अक्षतांसकट मान्य.

आणि हो, तेव्हाही चार ओळीच आल्या होत्या. मी बघितल्या.

---

दूरदेशी

एक राहिलं. नॉर्मन पुन्हा जिंकला का जागतिक स्पर्धा?

---

मधलीभिंत

नाही. पुढच्या वर्षी, १९८७ ला, बर्मिंगहॅमला जानशेर खान आला. नवाकिल्ल्याचाच, आणखी एक. त्याने उपांत्य फेरीत जहांगीरला आणि अंतिम फेरीत ख्रिस डिटमारला हरवलं. तो पुढे आठ वेळा जगज्जेता. जहांगीरने ८८ ला एकदा परत घेतली, एकूण सहा झाल्या. ब्रिटिश ओपन तर तो ९१ पर्यंत सोडायला तयार नव्हता, सलग दहा. नॉर्मनच्या नावावर एकच, तुलूझ.

जानशेरनेही शेवटची १९९६ ला जिंकली, त्यानंतर पाकिस्तानात ती आलेली नाही. त्यावर वेगळा धागा काढावा लागेल.

क्लबातल्या त्या पोराला दुवा पाठवला होता. उत्तर आलं, "काका, भारी. पण गळक्या छताचं कधी बघताय?"

---

चकलीभाजणी

आज सायकली हलवल्या. मखरही. दोन तास गेले, वॉचमनने मदत केली. समोरच्या भिंतीखाली खरंच पत्र्याची पट्टी आहे! त्यावर कोणीतरी लाल रंगाने 'येथे थुंकू नये' लिहिलंय. हाच टिन ना?

---

मधलीभिंत

हाच. जमिनीपासून १९ इंच भरतो का मोजा. आणि पांढऱ्या तळव्याचे बूट घ्या, काळ्याने फळ्यांवर डाग पडतात.

---

चकलीभाजणी

साडेअठरा.

---

कोथरूडकर_पंत

पट्टी कुठून धरली होती?